मुरबाडचा गॅलेक्सी कॅम्प: फोटोतल्यासारखं काही दिसत नाही, तरी जा

आधी महत्त्वाचं सांगून टाकते कारण अर्धे लोक तेवढंच वाचतात. पैसे वसूल झाले का, तर हो झाले. जेवण बरं होतं का, तर नाही. आणि जाहिरातीत जो जांभळा-निळा भोवरा फिरताना दाखवलाय तसा दिसतो का, तर अजिबात नाही, पहिल्या दुर्बिणीतून नाही, दुसऱ्या दुर्बिणीतून नाही, आणि पुढच्या वर्षी तिसरी घेणार आहेत म्हणे तिच्यातूनही दिसणार नाही. आता सविस्तर.

झालं असं की भाच्याने रील बघितली. 'एका रात्रीत १० गॅलेक्सी', मागे ते धडामधुडूम म्युझिक, आणि माणशी १८०० रुपये, त्यात ठाण्याहून बस, रात्री पिठलं-भाकरी, पहाटे चहा-पोहे. भाचा सातवीत आहे, त्याने दोन आठवडे डोकं खाल्लं. मग मी म्हटलं चल, तर आई म्हणाली मी एकटी घरात काय करू, मीही येते. आई एकाहत्तर वर्षांची, गुडघे दुखतात, पण घरी बस म्हटलं की हमखास निघते. म्हणजे भांडुपहून आम्ही तीन पिढ्या, दोन शाली आणि एक चिवड्याचा डबा. कॅम्पवाल्यांचं नाव लिहीत नाही, खाली बऱ्याच तक्रारी आहेत आणि पोरं नवीन आहेत, उगाच कशाला.

बस चारची, आली पाच-दहाला. फोन केला तर 'दोन मिनिटांत मॅडम' असं चार वेळा. पुढे शहाडच्या पुलावर पाऊण तास अडकलो, त्यात त्यांचा दोष नाही, तो पूल आहेच तसा. पण बस चारला निघाली असती तर उजेडात पोचलो असतो, त्याऐवजी रात्री आठला मुरबाडच्या पुढे एका फार्महाऊसवर उतरलो, काळोखात, आणि उतरताच गेटवरचा हॅलोजन थेट डोळ्यात. आकाश बघायला आलेल्या लोकांचं स्वागत हॅलोजनने! मालकाला म्हणे चोरांची भीती वाटते.

हे एवढं रागाने लिहितेय कारण तिथे गेल्यावर कळलं की या सगळ्या धंद्यात दुर्बीण दुय्यम आहे, अंधारच मुख्य माल आहे. डोळ्याला काळोखाची सवय व्हायला वीस-पंचवीस मिनिटं लागतात आणि एक मोबाईलचा टॉर्च लागला की परत शून्यापासून सुरू. ३८ माणसं होती, प्रत्येकाकडे मोबाईल, त्यातल्या निम्म्यांना स्टोरी टाकायची, आता तुम्हीच हिशोब करा. लाल जिलेटीन पेपर टॉर्चला लावून द्यायचे ठरले होते, पण दिले फक्त पहिल्या दहा लोकांना, मग संपले. दहा रुपयांचा कागद हो. तुम्ही जाणार असाल तर घरूनच लावून न्या.

सामान काय होतं ते सांगते. दोन आठ इंची डॉब्सोनियन, म्हणजे ती गिझरच्या टाकीसारखी जाडजूड, लाकडी बैठकीवर फिरणारी, एक छोटी लांबुडकी भिंगाची दुर्बीण, आणि १०×५० च्या दोन बायनॉक्युलर. ३८ लोकांना हे कमी आहे. एका डॉब्सोनियनची बैठक डुगडुगत होती, हात लागला की अख्खं आकाश भूकंप झाल्यासारखं हलायचं. दुसरी मात्र एकदम मस्त, आरसे नीट जुळवलेले, तारे टाचणीच्या टोकाएवढे. रांगेत उभं राहताना आधी कोणती चांगली ते विचारून घ्या.

आता ज्या गोष्टीसाठी हे सगळं माफ, ती म्हणजे तिथली आकाश दाखवणारी मुलगी. पंचवीसेक वर्षांची असेल, फिजिक्समध्ये एमएस्सी केलेली, आवाज बसलेला, डोक्याला मफलर. नाव लिहीत नाही, तिला विचारलेलं नाहीये. तिने आल्याआल्या सगळ्यांना दुर्बिणीपासून लांब उभं केलं. म्हणाली, आधी नुसत्या डोळ्याने, दुर्बीण कुठे पळून जात नाही. उत्तरेला शर्मिष्ठा दाखवली, ते एम अक्षर, पाच ताऱ्यांचं. त्यातलं जे टोक जास्त अणकुचीदार आहे ते बाणासारखं धरायचं, आणि बाण जिकडे रोखलाय तिकडे सरकत जायचं की देवयानी. यावर आई लगेच, 'म्हणजे अजून भांडतायतच का दोघी?' लोक हसले, मग आईने अख्ख्या रांगेला गोष्ट सांगितली, शर्मिष्ठेने देवयानीला विहिरीत ढकललं, ययातीने हात धरून वर काढलं वगैरे, आणि त्या मुलीने शेजारचा ययाती दाखवला, वरचा वृषपर्वा दाखवला. सगळी भांडणातली मंडळी आकाशात एकाच कोपऱ्यात, चाळीत असतात तशी.

आणि तिथे देवयानीत, डोक्यावरून जरासं उत्तरेकडे, एक पुसट ठिपका. ठिपका पण नाही, डाग. मला आधी दिसेचना. ती म्हणाली ताई थेट बघू नका, थोडं बाजूला बघा आणि लक्ष मात्र तिथेच ठेवा. मला वाटलं ही काय गंमत, पण खरंच, नजर बाजूला केली की दिसतो आणि सरळ रोखली की गायब. कारण असं की डोळ्याच्या पडद्याच्या अगदी मध्यभागी ज्या पेशी असतात त्या रंग आणि बारकावे बघणाऱ्या, त्यांना भरपूर उजेड लागतो, आणि अंधुक उजेडात काम करणाऱ्या पेशी असतात कडेला. आईने आधी चष्मा काढला, पदराने पुसला, परत लावला, परत काढला. मग म्हणाली, 'अगं मला वाटलं काचेवर वाफ आलीय, पण पुसलं तरी जात नाहीये.'

तो न जाणारा डाग म्हणजे देवयानी दीर्घिका, दीर्घिका म्हणजेच गॅलेक्सी, इंग्रजीत अँड्रोमेडा, एम ३१. अंतर २५ लाख प्रकाशवर्षं. नुसत्या डोळ्याने माणसाला सहज दिसू शकणारी ही जवळपास सगळ्यात लांबची गोष्ट. आपल्याकडे आकाशगंगा म्हणजे आपली ती, बाकीच्या सगळ्या दीर्घिका, एवढं शाळेत पाठ केलेलं, पण तो उजेड निघाला तेव्हा आपल्यासारखा माणूस पृथ्वीवर नव्हताच हे कळल्यावर भाचा जरा वेळ गप्प झाला, जे क्वचित होतं.

मग दुर्बिणीची रांग. आणि इथे खरी निराशा. आठ इंचीतून बघितलं तर मध्यभागी उजळ गोळा आणि भोवती धुकं, बस. शेजारी एक बारीक चकती, ती एम ३२, देवयानीची छोटी सोबतीण. का तर ही दीर्घिका आकाशात एवढी पसरलीय की पौर्णिमेचे सहा चंद्र ओळीने ठेवले तर तिच्या लांबीला पुरतील, आणि दुर्बिणीत मावतो साधारण दोन चंद्रांएवढा तुकडा. उलट बायनॉक्युलरमधून ती जास्त छान दिसली, लांबट, तिरकी, दोन्ही बाजूंना विरत गेलेली. म्हणजे अठराशे रुपयांतला सगळ्यात भारी नजारा सगळ्यात स्वस्त वस्तूतून दिसला आणि त्या बायनॉक्युलरसमोर रांगच नव्हती, सगळे मोठ्या टाकीकडे.

रांगेत आमच्या पुढे एक काका होते, त्यांनी बघितलं, मान बाहेर काढली आणि म्हणाले, 'हेच? रंग कुठेत? जाहिरातीत तर जांभळी होती, रिफंड द्या.' खरं सांगते मनातून मी काकांच्या बाजूने होते. ती मुलगी चिडली नाही. म्हणाली, काका, कॅमेरा तासन्‌तास उजेड साठवत बसतो, तुमचा डोळा साठवत नाही, त्यामुळे एवढ्या मंद उजेडात रंग दिसतच नाहीत, आणि जेम्स वेब या अंतराळातल्या दुर्बिणीचे फोटो तर इन्फ्रारेडमधले, त्यातले रंग नंतर ठरवून दिलेले असतात. जाहिरात मी बनवलेली नाही. मग म्हणाली, पण हा डाग माणसं हजार वर्षं बघतायत आणि त्यातली नऊशे वर्षं कोणालाच कळलं नाही की हे काय आहे, ते ऐकायचंय का? काका थांबले. आम्ही सगळेच थांबलो.

तर इराणमधल्या इस्फहानमध्ये अल-सूफी नावाचा खगोलशास्त्रज्ञ, त्याने इसवी सन ९६४ च्या आपल्या ताऱ्यांच्या ग्रंथात याची नोंद 'छोटा ढग' अशी केलीय. १६१२ मध्ये सायमन मारियसने दुर्बिणीतून बघितलं, त्याला वाटलं शिंगाच्या पातळ पापुद्र्याआडून मेणबत्ती दिसावी तसं, आणि देवाशप्पथ दुर्बिणीत तसंच दिसतं, यापेक्षा बरोबर वर्णन मला सुचणार नाही. मग तो मेसिए, पॅरिसचा. तो होता धूमकेतू शोधणारा, आणि असले डाग त्याला धूमकेतू वाटून फसवायचे, म्हणून त्याने यादीच केली. आपण कसं फोनमध्ये 'लोनवाला उचलू नको' म्हणून नंबर सेव्ह करतो, अगदी तशी. देवयानीची नोंद त्याने ऑगस्ट १७६४ मध्ये केली, यादीत नंबर लागला ३१, म्हणून एम ३१. म्हणजे ज्याला धूमकेतू हवे होते त्याचं नाव राहिलं ते त्याने टाळलेल्या वस्तूंच्या यादीमुळे, आणि आता आम्ही पैसे भरून त्याच वस्तू बघायला मुरबाडला.

पुढचा भाग तिने फार रंगवून सांगितला. १९२० सालापर्यंतही भांडण होतं की हे भोवरे आपल्याच आकाशगंगेतले वायूचे ढग आहेत की बाहेरच्या वेगळ्या दीर्घिका. वॉशिंग्टनमध्ये २६ एप्रिल १९२० ला शॅप्ली आणि कर्टिस या दोन खगोलशास्त्रज्ञांची जाहीर चर्चा झाली, शॅप्ली म्हणे आपली आकाशगंगा हेच जवळपास सगळं विश्व, कर्टिस म्हणे नाही, हे भोवरे बाहेरचे. निकाल लागला नाही. अडचण एकच, अंतर मोजायचं कसं. एखादा दिवा मंद दिसतोय तो लांब आहे म्हणून की मुळातच झिरोचा आहे म्हणून, ते कसं कळणार.

ती गुरुकिल्ली आधीच सापडलेली होती, हार्वर्डच्या वेधशाळेत, हेन्रिएटा लेविट नावाच्या बाईला. तिचं काम काय तर काचेवरच्या फोटोंतले तारे भिंगातून बघून त्यांची प्रखरता नोंदवायची, तासाला ३० सेंट. तिथल्या बायकांना दुर्बिणीला हात लावू देत नसत. तिने १९१२ मध्ये दाखवलं की सेफिड नावाचे तारे आहेत, जे ठरावीक लयीत कमी-जास्त होतात, त्यातले जे सावकाश लुकलुकतात ते मुळात जास्त तेजस्वी. म्हणजे लय मोजा, खरी प्रखरता कळली, दिसतेय किती ते बघा, अंतर आलं. मेगॅलनचा छोटा ढग म्हणून दक्षिणेच्या आकाशात एक छोटी दीर्घिका आहे, तिच्यातल्या २५ ताऱ्यांवरून तिने हे काढलं.

इथे आई मधेच बोलली. आईने तीस वर्षं एका सरकारी ऑफिसात पंच ऑपरेटर म्हणून काढली, आकडे पंच करायचे, दिवसभर, साहेब त्यावर रिपोर्ट लिहिणार. ती म्हणाली, 'आणि नाव कोणाचं झालं?' मुलगी म्हणाली हबलचं. आई 'हं' म्हणाली फक्त. मला ते 'हं' चांगलं ओळखीचं आहे.

हबल म्हणजे अमेरिकन खगोलशास्त्रज्ञ, त्याने ऑक्टोबर १९२३ मध्ये कॅलिफोर्नियात माउंट विल्सनच्या १०० इंची दुर्बिणीतून याच देवयानीचा फोटो काढला. काचेच्या त्या प्लेटवर त्याला नवतारे, म्हणजे अचानक उजळणारे तारे, वाटले तिथे शाईने एन अक्षर लिहिलं, आणि मग जुन्या प्लेटशी ताडून बघताना कळलं की त्यातला एक नवतारा नाहीच, तो कमी-जास्त होतोय, सेफिड आहे. त्याने एन खोडला आणि व्ही-ए-आर लिहून पुढे उद्गारचिन्ह टाकलं. उद्गारचिन्ह! शास्त्रज्ञ माणूस सहसा टाकत नाही. लेविटच्या पद्धतीने हिशोब केला, अंतर आलं नऊ लाख प्रकाशवर्षांच्या आसपास, आपल्या आकाशगंगेच्या पार बाहेर. त्याने पत्राने शॅप्लीला कळवलं, तेव्हा शॅप्लीने ते पत्र दाखवत या पत्राने माझं विश्व मोडलं असं म्हटल्याची आठवण हार्वर्डच्याच खगोलशास्त्रज्ञ सेसिलिया पेन यांनी सांगितलेली आहे. लेविट १९२१ च्या डिसेंबरमध्येच गेली होती. १९२५ मध्ये स्वीडनहून एका गणितज्ञाचं पत्र तिच्या नावाने आलं, नोबेलसाठी नाव सुचवायचा विचार आहे म्हणून. त्याला ती गेल्याचं माहीतच नव्हतं.

काका या सगळ्यात परत रांगेला लागले होते. रिफंडचा विषय नंतर निघाला नाही.

आणि नऊ लाखाचे २५ लाख कसे झाले ते तर मस्तच. दुसऱ्या महायुद्धात लॉस एंजेलिसमध्ये ब्लॅकआउट, शहराचे दिवे बंद, त्यामुळे माउंट विल्सनचं आकाश एकदम काळं झालं. वॉल्टर बाडे जर्मन नागरिक, म्हणून युद्धाच्या कामावर कोणी घेईना, बाकीचे शास्त्रज्ञ तिकडे गेलेले, ह्याच्या वाट्याला मोठी दुर्बीण आणि काळोख दोन्ही आयतं. त्याने देवयानीच्या गाभ्यातले तारे सुटेसुटे टिपले, आणि त्यातून पुढे लक्षात आलं की ताऱ्यांचे दोन वेगळे गट आहेत, सेफिडसुद्धा दोन जातींचे, मग १९५२ मध्ये अंतर एकदम दुप्पट करावं लागलं. नंतर ते आणखी सुधारत २५ लाखांवर आलं. हे ती सांगतेय आणि नेमका तेव्हा गेटवरचा हॅलोजन बंद झाला. मालकाला केलेला चौथा फोन लागला होता. अख्ख्या माळावर 'आऽ' असा आवाज झाला. पश्चिमेला कल्याणच्या बाजूचं आकाश तरीही नारिंगी होतंच, त्याला फोन करता येत नाही.

हॅलोजन गेल्यावर दक्षिणेला एनजीसी २५३ दाखवली, एनजीसी ही अशीच दुसरी मोठी यादी, कॅरोलाइन हर्शेलने १७८३ मध्ये शोधलेली. ही मला सगळ्यात आवडली, लांबट, सिगारसारखी, कडा विरलेल्या, नजर बाजूला केली की आणखी लांब होते. एम ३३ पण दाखवली म्हणतात. मला नाही दिसली. भाच्याला दिसली असं तो म्हणतो, पण त्याने वहीत काढलेलं चित्र बघता त्याने आयपीसवरचं, म्हणजे डोळा लावायच्या भिंगावरचं, दव काढलंय असं माझं मत आहे. आणि मेगॅलनचे ढग, ज्यांच्यावरून लेविटने हे सगळं केलं, ते मुंबईकडून दिसत नाहीत हे ऐकून वाईट वाटलं. छोटा ढग आपल्याकडे क्षितिजावर येतच नाही आणि मोठा येतो तो एक-दोन अंश, म्हणजे झाडाआडच राहतो.

जेवण साडेदहाला. पिठलं-भाकरी लिहिलं होतं, मिळाल्या गार पुऱ्या आणि बटाटा, वर 'आचारी आला नाही'. हेही चाललं असतं, पण वाढलं ट्यूबलाइटखाली, म्हणजे दोन तास जपलेला डोळ्यांचा काळोख पुऱ्यांबरोबर गेला. ३८ माणसांना दोन बाथरूम, एकाची कडी नाही. आईसाठी मला बाहेर उभं राहावं लागलं. वयस्कर माणसं न्यायची असतील तर हे आधी विचारा आणि खुर्ची घरून न्या, तिथे सतरंज्याच आहेत.

बाराच्या पुढे स्लाइड शो होता, तो ठीक, अर्धे लोक पेंगत होते. त्यात व्हेरा रुबिन या अमेरिकन खगोलशास्त्रज्ञ बाईची गोष्ट चांगली होती, तिने आणि केंट फोर्डने १९७० मध्ये याच देवयानीचा फिरण्याचा वेग मोजला, तर कडेचे भाग आतल्यांइतक्याच जोरात फिरतायत, दिसणाऱ्या ताऱ्यांच्या वजनाने तसं व्हायला नको. तिथून मग न दिसणाऱ्या कृष्णद्रव्याचा विषय सगळ्यांना गंभीरपणे घ्यावा लागला. आणि देवयानी सेकंदाला ३०० किलोमीटरने आपल्या दिशेने येतेय हे स्लायफरने १९१२ मध्येच मोजलेलं. पूर्वी म्हणायचे टक्कर नक्की, हल्लीच्या हिशोबाने अर्धी-अर्धी शक्यता, तीही काही अब्ज वर्षांनी. आई पेंगता पेंगता म्हणाली येऊ दे.

एक गोष्ट मुंबईकर असून लिहावी लागतेय, ती म्हणजे या बाबतीत पुणेवाले भारी आहेत. २०१७ मध्ये पुण्याच्या आयुका या खगोलशास्त्राच्या संस्थेतल्या मंडळींनी दीर्घिकांचा एक महासमूह शोधला, ४०० कोटी प्रकाशवर्षं दूर, त्याला नाव दिलं सरस्वती. आणि २०२५ मध्ये पुण्यातल्याच एनसीआरए या रेडिओ-खगोल संस्थेच्या दोघांनी जेम्स वेबच्या फोटोंतून अलकनंदा शोधली, विश्व जेमतेम दीडशे कोटी वर्षांचं होतं तेव्हाची दीर्घिका, आणि तेव्हाच तिला दोन नीटस सर्पिल भुजा. एवढ्या लवकर एवढं नीटनेटकं काही बनायला नको होतं असा आधी समज होता. अलकनंदा का, तर मंदाकिनी हे हिंदीत आपल्या आकाशगंगेचं नाव, आणि ती तिची बहीण नदी. बाकी एनसीआरए टीआयएफआरचंच, म्हणजे टाटा मूलभूत संशोधन संस्थेचं, आणि टीआयएफआर आपल्या कुलाब्याला, म्हणजे हिशोब बरोबर.

पहाटे चारला उठवलं. तंबूवर एवढं दव की वरून पाऊस पडतोय असं वाटावं. झोपून राहायचा मोह होईल, राहू नका, खरा माल पहाटे आहे. आयपीसवर सारखी वाफ धरत होती, तर एक पोरगा हेअर ड्रायर घेऊन उभा, दर दोन माणसांनंतर फुंकर. सप्तर्षीच्या वरच्या अंगाला एम ८१ आणि एम ८२, एकाच नजरेत दोन्ही, एक अंडाकृती आणि एक सरळ काडी. बोडे नावाच्या जर्मन माणसाने ३१ डिसेंबर १७७४ ला शोधलेल्या, म्हणजे थर्टी फर्स्टच्या रात्री हा बाबा दुर्बिणीला. काडी आहे ती शेजारणीच्या ओढीने पार ढवळून निघालेली, आत भराभर तारे जन्मतायत. दोन्ही सुमारे १ कोटी २० लाख प्रकाशवर्षं. मग सिंहेत एम ६५ आणि ६६, जोडीने, पुसट, पण आहेत.

सप्तर्षीच्या शेपटीचा शेवटचा तारा मरीची, त्याच्या जवळ एम ५१, ते भाच्याने स्वतः दुर्बीण सरकवून शोधलं. ती मुलगी नुसती मागे हात बांधून उभी, 'जरा डावीकडे, आता वर, थांब' एवढंच. दोन गोळे दिसतात, एक मोठा एक छोटा, बाकी काही नाही. याच दोन गोळ्यांकडे १८४५ मध्ये आयर्लंडात लॉर्ड रॉसने ७२ इंची दुर्बिणीतून बघितलं आणि पहिल्यांदा कोणालातरी दीर्घिकेचा भोवरा दिसला, त्याने हाताने चित्र काढलं. भाच्यानेही काढलं, दोन गोळे, खाली तारीख आणि वेळ.

शेवटी पाच वाजून गेल्यावर कन्या राशीतली एम ८७. नुसता कापसाचा बोळा. पण २०१९ मध्ये कृष्णविवराचा जो पहिला फोटो पेपरात आला होता, नारिंगी मेदूवड्यासारखा, तो याच बोळ्याच्या आतला, ६५० कोटी सूर्यांच्या वजनाचा, साडेपाच कोटी प्रकाशवर्षं लांब. आणि तिच्यातून एक सरळ किरण निघालेला दिसतो हे १९१८ मध्ये कोणी लिहून ठेवलं होतं, तर त्याच कर्टिसने, १९२० च्या चर्चेवाल्या. तो आम्हाला दिसला नाही, आठ इंचात दिसत नाही. पूर्व पांढरी व्हायला लागली होती.

परतीच्या बसमध्ये भाच्याने वही काढून हिशोब केला. ३१, ३२, २५३, ८१, ८२, ६५, ६६, ५१, ८७, नऊच. एक कमी, फसवलं म्हणाला, एम ३३ त्याने स्वतःच रद्द केली, तेवढा प्रामाणिक आहे. मग त्या मुलीला विचारलं तर ती म्हणाली ५१ च्या शेजारचा छोटा गोळा वेगळा धर, तिला स्वतःचा नंबर आहे, एनजीसी ५१९५, मेसिएच्या सोबत्याने, मेशँने १७८१ मध्ये शोधली. म्हणजे १० झाल्या. जाहिरात त्या एका मुद्द्यावर खरी.

पोहे चांगले होते, ते राहिलं सांगायचं. गरम, वर ओलं खोबरं. तारीख अमावास्येच्या जवळची ठेवली होती हेही त्यांचं बरोबर, बुक करताना ते बघाच, चंद्र असेल तर पैसे पाण्यात. मी फीडबॅक पाठवला, हॅलोजन, ट्यूबलाइट, कडी आणि जिलेटीन पेपर, चारही मुद्दे. उत्तर आलं, 'नोटेड मॅडम', आणि पुढे दुर्बिणीचा इमोजी.

परवा आई गच्चीवर गेली होती, शेजाऱ्यांच्या पोराची बायनॉक्युलर मागून. भांडुपमधून उत्तरेला मुलुंड-ठाण्याचा उजेड एवढा की शर्मिष्ठेचे पाचही तारे एका वेळी धड दिसत नाहीत. मला बोलावलं, मी दहा मिनिटं बघितलं, मान अवघडली, काही नाही. आईला दिसली. ती म्हणते तू सरळ बघत होतीस.